बांध, मोजणी आणि कोर्टाचा कमिशनर

चाकणच्या बाजारांत कांदा-बटाटा उतरवून घरीं परतणाऱ्या शेतकऱ्यांच्या तोंडीं पूर्वीं भावाच्या, पावसाच्या आणि बियाण्याच्या गोष्टी असत. आतां त्यांच्या जोडीस आणखी एक विषय कायमचा येऊन बसला आहे. अमक्याच्या गटाची मोजणी झाली, तमक्याच्या शेतांत कोर्टाचा कमिशनर येऊन गेला, मोजणींत बांध इतके फूट सरकलेला निघाला, हीं वाक्यें खेड, मावळ व हवेली या तिन्ही तालुक्यांत इतक्या वेळां कानांवर येतात, कीं या विषयावर आमच्या वाचकांसाठीं कांहीं सविस्तर लिहावें असें पुष्कळ दिवस मनांत होतें. वकिलाच्या कचेरींत अर्धा तास बसून जें नीट उमगत नाहीं, तें शेतकऱ्यास आपल्या बांधावर उभें राहून समजावें, एवढाच या लेखाचा हेतु आहे.

हे तंटे आमच्याच भागांत इतके कां वाढले, याचें कारण दूर शोधावयास नको. पिंपरीस १९५४ सालीं हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला. १९६२ मध्यें औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झालें, आणि भोसरी-चिंचवडच्या माळांवर एकामागून एक छपरें उठूं लागलीं. १९८२ मध्यें पिंपरी-चिंचवडची महानगरपालिका झाली. पुढें चाकणची पाळी आली, आणि निघोजे, महाळुंगे, कुरुळी, खराबवाडी, सावरदरी, वासुली या गांवांचीं शिवारें कारखान्यांच्या कुंपणांस जाऊन भिडलीं. जेथें बाजरीच्या एका पाचुंद्यावरून कोणी कोणाशीं भांडत नसे, तेथें आज एका गुंठ्यावरून सख्खे भाऊ एकमेकांचें तोंड पाहत नाहींत.

गुंठा म्हणजे काय हें आमच्या वाचकांस सांगावयास नको. तरी एकदां हिशेब करून पाहावा. ३३ फूट लांबीची साखळी, आणि त्या साखळीचा चौरस म्हणजे १०८९ चौरस फुटांचा गुंठा. असे ४० गुंठे मिळून एकर. समजा, दोन शेतांमधील बांध २० साखळ्या, म्हणजे ६६० फूट लांब आहे, आणि दर नांगरटीस बोटबोट कोरतां कोरतां तो वीस वर्षांत तीन फूट एका बाजूस गेला. तर १९८० चौरस फूट, म्हणजे पावणेदोन गुंठ्यांहून अधिक जमीन एका खातेदाराकडून दुसऱ्याकडे गेली. तिच्याविषयीं ना खरेदीखत, ना फेरफार, ना सातबारावर एक अक्षर. माळरानाच्या जिराइतींत हा तोटा कोणाच्या ध्यानांतही येत नसे. रस्त्याला लागून असलेल्या जमिनींत आज तेवढ्या जागेवर एक घर उभें राहतें.

दुसरें कारण कागदांचें आहे. आमच्याच पुणें जिल्ह्यांत, इंदापूर तालुक्यांत, १८३६ च्या सुमारास गोल्डस्मिड व विंगेट या अधिकाऱ्यांनीं मुंबई इलाख्याच्या जमीन-पाहणीचा पाया घातला. त्या पद्धतीच्या पाहणींत साखळीनें मोजून केलेलें टिपण, पुढें पोटहिश्श्यांच्या फाळणीचे नकाशे, आणि त्यानंतर एकत्रीकरण योजनेनें आलेले गट नंबर व गटांचे नकाशे, असे थर एकावर एक चढलेले आहेत. एकत्रीकरणांत कागदावर सर्व्हे नंबरांचे गट झाले, परंतु पुष्कळ ठिकाणीं वहिवाट होती तशीच चालू राहिली. कागद पूर्वेस आणि नांगर पश्चिमेस, अशी गत झाली. त्यांत औद्योगिक क्षेत्रासाठीं किंवा रस्त्यासाठीं गटाचा कांहीं भाग संपादन झाला, कीं उरलेलें क्षेत्र नेमकें कोठें राहिलें, हा प्रश्न उभा राहतो. कमी-जास्त पत्रक वेळेवर झालें नसेल, तर उताऱ्यावर एक क्षेत्र, भूमीवर दुसरें, आणि भाऊबंदांच्या मनांत तिसरें!

हद्दीचा तंटा हा कांहीं नव्या काळाचा शोध नव्हे. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायांत सीमावादाचें स्वतंत्र प्रकरण आहे. सीमेवर वड-पिंपळासारखीं झाडें लावावीं, आणि जमिनीखालीं दगड, हाडें, कोंडा, राख, खापऱ्या, विटा, कोळसे, वाळू अशा न विरणाऱ्या खुणा गुप्तपणें पुराव्या, असें तेथें सांगितलें आहे. साक्षीदारांनीं डोक्यावर माती घेऊन, तांबडीं वस्त्रें व माळा धारण करून सीमा दाखवावी, असाही विधि आहे. मराठेशाहींत गोतसभा बसे, महजर होई, आणि गांवच्या शिवेचें ज्ञान महारांपाशीं असल्यामुळें त्यांच्या साक्षीस मोठा मान असे. आज डोक्यावरील मातीच्या ठिकाणीं प्रतिज्ञापत्र, आणि गोतसभेच्या ठिकाणीं कोर्टाचा कमिशनर आला आहे. फरक एवढाच, कीं जुना साक्षीदार गांवचा होता व त्यास शीव ठाऊक होती. कमिशनर परका असतो, व त्यास ती दाखवावी लागते. ती कोण दाखवितो आणि कशी दाखवितो, यांतच अर्धा दावा सांठलेला आहे.

आतां मूळ विषयाकडे वळूं. न्यायाधीश प्रत्येक शेतांत जाऊन उभे राहूं शकत नाहींत. म्हणून १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनें, कलम ७५ पासून पुढें व २६ व्या आदेशांत, न्यायालयास आपल्या वतीनें दुसऱ्या माणसास ठराविक कामापुरतें पाठविण्याचा अधिकार दिला आहे. या माणसास आपण कोर्ट कमिशनर म्हणतों. तो कोणी एकाच हुद्द्याचा मनुष्य नसतो. जागेची स्थिति पाहून लिहून आणावयाची असेल तर बहुधा वकिलाची नेमणूक होते. हद्द मोजावयाची असेल तर तालुक्याचे उपअधीक्षक, भूमि अभिलेख, यांस हुकूम जातो व त्यांच्या वतीनें भूकरमापक येतो. हिशेब तपासावयाचे असतील तर त्या कामांतला जाणता मनुष्य नेमतात. कमिशनरची सत्ता हुकुमांत लिहिली असेल तेवढीच. 'दोन गटांमधील हद्द मोजून नकाशा द्यावा' एवढाच हुकूम असेल, तर विहिरीवर पाण्याच्या पाळ्या कोणाच्या किती, हें त्यानें ठरवावयाचें नाहीं. मात्र हुकुमांत लिहिलेल्या जमिनींत किंवा घरांत वाजवी वेळीं प्रवेश करण्याचा, पक्षकारांस व त्यांच्या साक्षीदारांस विचारण्याचा, आणि कागद मागविण्याचा अधिकार त्यास कायद्यानें आहे. त्यामुळें फाटकास कुलूप लावून बसणाऱ्या प्रतिवादीचा त्यांत कांहीं लाभ होत नाहीं; कुलूप लावल्याचीही नोंद अहवालांत होते.

येथें एक गैरसमज दूर केला पाहिजे, कारण त्यापायीं कित्येकांनीं पैसा व वर्षें दोन्ही घालविलीं आहेत. जमीन कोणाच्या ताब्यांत आहे, वहिवाट कोणाची, हें ठरविणें कमिशनरचें काम नव्हे. तें साक्षीपुराव्यानें सिद्ध करावयाचें असतें व त्याचा निर्णय न्यायालयच करतें. म्हणून 'ताबा कोणाचा आहे तें पाहण्यास कमिशनर नेमावा' असा अर्ज बहुधा नामंजूर होतो. आणि तो नामंजूर व्हावा हेंच आमच्या मतें योग्य आहे. कमिशनर येईल त्या दिवशीं शेतांत उभा असेल तोच मालक, असें ठरूं लागलें, तर आदल्या रात्रीं ट्रॅक्टर घालणारा प्रत्येक दावा जिंकेल.

परंतु वाद हद्दीचा किंवा अतिक्रमणाचा असेल, तेव्हां गोष्ट निराळी आहे. अशा दाव्यांत तोंडी साक्षी कितीही झाल्या, तरी दोन गटांमधील रेषा कोठून जाते हें शपथेवर सांगून ठरत नाहीं. तें मोजूनच ठरतें. हरियाणा वक्फ बोर्डाच्या एका दाव्यांत, ज्याचा निवाडा २००८ च्या संग्रहांत प्रसिद्ध झाला आहे, सर्वोच्च न्यायालयानें हेंच सांगितलें, कीं वाद हद्द निश्चित करण्याचाच असतां स्थानिक पाहणीसाठीं कमिशनर नेमावयास हवा होता. आमच्या मुंबई उच्च न्यायालयाचेंही धोरण याच दिशेचें आहे. एकट्या वादीनें आपल्याच गटाची करून आणलेली मोजणी, शेजाऱ्यास नोटीस नाहीं, त्याचा गट मोजलेला नाहीं, अशी असेल, तर ती न्यायालयापुढें फार काळ टिकत नाहीं. दोन्ही गटांची एकत्र मोजणी व्हावी असा अर्ज आरंभींच करावा. मनाई हुकुमाचा अर्ज, ज्यास आपल्याकडे सर्वत्र 'निशाणी पांच' म्हणतात, तो चालूं असतांना शेजारी भिंत उठवीत असेल, तर त्या क्षणाची स्थिति नोंदवून घेण्यासाठीं ३९ व्या आदेशाच्या ७ व्या नियमाखालीं पाहणीचा हुकूम मागतां येतो. भिंत पुरी होऊन तिला रंग लागल्यावर मागितलेली पाहणी बहुधा निरुपयोगी असते. खर्चाविषयीं म्हणाल, तर न्यायालय अर्जदारास कमिशनची रक्कम आधीं भरण्यास सांगतें; ती भरल्याखेरीज हुकूम कचेरीबाहेर पडत नाहीं. पैसे भरण्यास उशीर केल्यामुळें एक हंगाम फुकट गेला, असें अनेकांचें झालें आहे.

मोजणीच्या दिवसाविषयीं आम्ही जरा विस्तारानें लिहिणार आहों, कारण शेतकऱ्याच्या हातीं जें कांहीं आहे तें त्याच दिवशीं असतें. नोटीस आली, कीं प्रथम पिकाचा विचार करावा. उभ्या उसांत किंवा कमरेइतक्या ज्वारींत रेषा धरतां येत नाहीं. तशी स्थिति असेल तर आधींच लेखी अर्ज देऊन तारीख पुढें मागून घ्यावी. भूकरमापक दारांत उभा राहिल्यावर 'पीक आहे, नंतर या' म्हणणें बरें दिसत नाहीं, आणि अडथळा केला असें लिहिलें जातें. दुसरें, कागद. नुसता सातबारा हातांत घेऊन बांधावर उभे राहणारे खातेदार आम्हीं पुष्कळ पाहिले आहेत. सातबारावर क्षेत्र असतें, हद्द नसते. हद्दीसाठीं जुनें टिपण, फाळणीचा नकाशा, गटाचा नकाशा, एकत्रीकरणाचा उतारा, आणि खरेदीखत असल्यास त्यांतील चतुःसीमा, या सर्वांच्या नकला भूमि अभिलेख कार्यालयांतून महिनाभर आधीं काढून ठेवाव्या. संपादन झालें असेल तर संयुक्त मोजणीचा नकाशा व कमी-जास्त पत्रकही हवें.

तिसरी गोष्ट सर्वांत महत्त्वाची आहे, आणि तीच सर्वांत दुर्लक्षिली जाते. मोजणीला आरंभ कोठून होतो? आतां साखळी व फलकयंत्र मागें पडून उपग्रहाच्या संकेतांवर चालणारीं रोव्हर यंत्रें आलीं आहेत, आणि त्यांच्या अचूकपणाविषयीं वाद नाहीं. परंतु यंत्र एवढेंच सांगतें, कीं हा बिंदु पृथ्वीवर अमुक जागीं आहे. हा बिंदु जुन्या टिपणांतला कोणता दगड, हें यंत्रास ठाऊक नसतें. तें जुन्या स्थिर खुणांवरून जुळवावें लागतें. गांवच्या शिवेचे दगड, तीन शेतांच्या मिळणीचे दगड, जुन्या विहिरी, न हललेले बांध, अशा निदान दोन-तीन ठिकाणांचा परस्परांशीं मेळ बसल्यावर मगच रेषा धरावयाची असते. एकाच दगडावरून धरलेली रेषा, तो दगड हललेला असेल तर, यंत्र कितीही सूक्ष्म असलें तरी सबंधच्या सबंध चुकते. म्हणून आपल्या बाजूच्या खुणा कोणत्या, त्यांपैकीं कोणत्या हलल्या आहेत व कधीं, हें लेखी निवेदन करून त्याच दिवशीं कमिशनरच्या हातीं द्यावें व नकलेवर पोंच घ्यावी. तोंडानें कितीही ओरडलें तरी तें अहवालांत येत नाहीं. उलट 'वादीनें गोंधळ केला' एवढें मात्र येतें.

हें सर्व आम्ही पुस्तकांतून लिहीत नाहीं. आमच्या घरचाच एक दावा आहे. चाकणच्या उत्तरेस, भामा नदीच्या अलीकडे, आमची व आमच्या थोरल्या पातीच्या चुलतबंधूंची जमीन एकमेकांस लागून आहे. त्यांस आम्ही लहानपणापासून आबा म्हणत आलों. २०११ सालीं त्यांनीं बांधालगत गाळे काढण्यासाठीं भिंत उठविली, आणि ती आमच्या हद्दींत आली असें आमचें म्हणणें पडलें. दावा लागला. २०१३ च्या उन्हाळ्यांत कमिशनर म्हणून एक तरुण वकील आले, त्यांच्याबरोबर भूकरमापक होते. नोटिशींत दहाची वेळ होती. आमच्या घरचे वडील माणूस एकादशीनिमित्त आळंदीस गेले होते. त्यांची वाट पाहण्यांत आम्ही अकरा वाजतां बांधावर पोंचलों, तेव्हां काम सुरू होऊन एक तास झाला होता. निंबाच्या झाडाखालचा दगड धरून मोजणी चालली होती. तो दगड २००४ च्या सुमारास पाण्याची पाइपलाइन टाकतांना उपटला गेला होता, आणि आम्हीं व आबांनीं दोघांनीं मिळून, अंदाजानेंच, तो परत बसविला होता.

"आबा, हा दगड लाइनीच्या वेळेला हलला होता, ठाऊक आहे ना तुम्हांला?" आम्हीं विचारलें.

"मला कशाला विचारतोस? सायबांना सांग काय सांगायचं ते," आबा म्हणाले, आणि तोंड फिरवून उभे राहिले.

आम्हीं साहेबांस सांगितलें. पण तोंडीं सांगितलें. ऊन कडक होतें, यंत्र लावलेलें होतें, भूकरमापकास दुपारून दुसऱ्या गांवीं जावयाचें होतें. शेवटीं एका कागदावर हजर असणाऱ्यांच्या सह्या घेतल्या, त्यांत आम्हींही सही केली. वर काय लिहिलें आहे तें वाचलें नाहीं. अहवाल आला तेव्हां त्यांत 'उभय पक्षांनीं दाखविलेल्या हद्दीच्या दगडापासून मोजणी केली, अतिक्रमण आढळलें नाहीं' असें होतें. उभय पक्षांनीं! त्या रात्रीं घरांत कोणी जेवलें नाहीं.

अहवाल विरुद्ध गेला म्हणजे दावा संपला, अशी समजूत करून पुष्कळ लोक येथेंच खचतात व बाहेरच्या मध्यस्थाच्या हातीं सांपडतात. तसें मुळींच नाहीं. २६ व्या आदेशाच्या १० व्या नियमानें कमिशनरचा अहवाल दाव्याच्या पुराव्याचा भाग होतो हें खरें. परंतु तो न्यायालयावर बंधनकारक नसतो. पक्षकारास त्यावर लेखी हरकत घेतां येते. न्यायालयाच्या परवानगीनें कमिशनरला साक्षीस बोलावून काम कसें केलें, कोणत्या खुणा धरल्या, कोणते नकाशे जवळ होते, हें विचारतां येतें. आणि न्यायालयाचें समाधान झालें नाहीं, तर तें पुन्हां चौकशी करण्याचा हुकूम देऊं शकतें. मात्र हरकत नेमकी असली पाहिजे. 'अहवाल चुकीचा व पक्षपाती आहे' अशा मोघम हरकतीस कोणी विचारीत नाहीं. 'अमुक दगड अमुक सालीं हललेला आहे, टिपणाप्रमाणें तो विहिरीपासून इतक्या साखळ्यांवर असावयास हवा, प्रत्यक्षांत तो तितका नाहीं' अशी हरकत असेल, तर न्यायाधीश कागद पुढें ओढून घेतात. आमच्या वकिलांनीं आम्हांस प्रथम पुष्कळ बोलून घेतलें, आणि मग तशी हरकत लिहिली.

कमिशनर साक्षीस आले. त्यांच्याविषयीं आमच्या मनांत पुष्कळ दिवस किल्मिष होतें. पण त्यांनीं सरळ सांगितलें, कीं दाखविलेला एकच दगड धरला, दुसऱ्या खुणा ताडून पाहिल्या नाहींत, आणि वादी उशीरां आले तेव्हां दगड हलल्याचें कांहींसें बोलले होते. न्यायालयानें फेर मोजणीचा हुकूम दिला. ती २०१६ मध्यें झाली. या खेपेस आम्ही सकाळीं आठलाच बांधावर होतों. गांवशिवेचा एक दगड, तीन गटांच्या मिळणीचा एक, आणि आजोबांच्या वेळची विहीर, असे तीन बिंदु जुळविले गेले. निकाल असा निघाला, कीं पूर्वेच्या टोकास आबांची भिंत सव्वादोन फूट आमच्या हद्दींत आहे. आणि पश्चिमेच्या टोकास आमचा गोठ्याचा ओटा दीड फूट त्यांच्या हद्दींत आहे. ही दुसरी गोष्ट आम्हांस अगदींच ठाऊक नव्हती असें म्हटल्यास तें पूर्ण खरें होणार नाहीं.

या दाव्याचें पुढें काय झालें तें सांगण्यापूर्वीं वांटपाच्या दाव्यांविषयीं थोडें लिहिलें पाहिजे. कारण हद्दीच्या दाव्यांतील कमिशनर आणि वांटपांतील कमिशनर यांची लोक नेहमीं गल्लत करतात. वांटपाच्या दाव्यांत प्रथम प्राथमिक हुकूमनामा होतो. त्यांत कोणाचा हिस्सा किती, एवढेंच ठरतें. प्रत्यक्ष जमीन तोडून देणें ही त्यापुढची पायरी. सरकारास सारा भरणारी शेतजमीन असेल, तर संहितेच्या ५४ व्या कलमाप्रमाणें तिचें वांटप जिल्हाधिकाऱ्यांनीं किंवा त्यांनीं नेमलेल्या त्यांच्या हाताखालच्या राजपत्रित अधिकाऱ्यानें करावयाचें असतें. तेथें वकील-कमिशनर येत नाहीं. हुकूमनामा महसूल खात्याकडे जातो, भूमि अभिलेखाकडून मोजणी होते, आणि सरस-निरस मानानें, म्हणजे काळी व माळ, पाण्याची व कोरडी, रस्त्याची व आंतली, असा विचार करून हिस्से पडतात. तुकडेबंदीचा १९४७ चा कायदा व त्यांतील वेळोवेळींच्या दुरुस्त्या आपल्या गांवास कशा लागू पडतात, हें या पायरीपूर्वीं विचारून घ्यावें. गांवठाणांतील वाडा, घर, परसू, गाळे यांचें वांटप मात्र न्यायालयानें नेमलेला कमिशनर करतो. तो हिस्से पाडतो, आवश्यक तेथें कमी हिस्सा मिळणाऱ्यास फरकाची रक्कम देववितो, व अहवाल देतो; हरकती ऐकून न्यायालय तो कायम करतें, बदलतें किंवा रद्द करतें. वाडा एवढा लहान, कीं तोडल्यास कोणाच्याच उपयोगी पडणार नाहीं, असें असेल, तर निम्म्या किंवा अधिक हिश्श्याच्या धन्यांनीं मागणी केल्यास १८९३ च्या वांटणी-कायद्यानें विक्रीचा मार्ग आहे. त्याच कायद्याचें चौथें कलम आमच्या भागांत प्रत्येक कुटुंबानें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे. अविभक्त कुटुंबाच्या राहत्या घरांतील एखाद्याचा हिस्सा बाहेरच्या माणसानें विकत घेऊन वांटपाचा दावा लावला, तर कुटुंबांतील भागीदारास तो हिस्सा न्यायालय ठरवील त्या किंमतीस आपल्याकडे घेतां येतो. हें राहत्या घराला लागू आहे, शेताला नाहीं.

वांटपाचे दावे प्राथमिक हुकूमनाम्यानंतर वर्षानुवर्षें पडून राहतात, ही तक्रार जुनी आहे. अंतिम हुकूमनाम्याच्या अर्जास मुदतीची बाधा येत नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें २००९ मध्यें सांगितलें. आणि २०२२ मध्यें तर प्राथमिक हुकूमनामा झाल्यावर पक्षकारांच्या निराळ्या अर्जाची वाट न पाहतां न्यायालयांनीं आपण होऊन प्रकरण पुढें चालवावें, असा निर्देश दिला. दरम्यानच्या काळांत कुटुंबांत जन्म-मृत्यु होतात व कायदाही बदलतो. महाराष्ट्रानें १९९४ मध्यें व केंद्रानें २००५ मध्यें मुलींस वडिलार्जित मिळकतींत मुलांप्रमाणें जन्मसिद्ध हक्क दिला. २०२० मध्यें सर्वोच्च न्यायालयानें तो हक्क वडील २००५ मध्यें हयात असण्यावर अवलंबून नाहीं असें ठरविलें, आणि अंतिम हुकूमनामा होईपर्यंत हिश्श्यांत त्याप्रमाणें बदल होऊं शकतो असेंही सांगितलें. बहिणींस न विचारतां पाडलेले हिस्से, मग त्यांवर कितीही सह्या असोत, पक्के झाले असें समजूं नये.

कमिशनचा आणखी एक उपयोग थोडक्यांत सांगतों. आजारी किंवा जराजर्जर साक्षीदारास न्यायालयांत नेणें शक्य नसेल, तर त्याची साक्ष घरीं येऊन घेण्यासाठींही कमिशनर नेमतां येतो. दगड कोणीं, कधीं, कोठें पुरला हें प्रत्यक्ष पाहिलेलें माणूस गांवांत बहुधा एखादेंच उरलेलें असतें, आणि तें अंथरुणास खिळलेलें असतें. डॉक्टरचा दाखला जोडून हा अर्ज वेळेवर करावा. तसेंच कमिशनरला अहवाल परत करण्याची मुदत न्यायालयानें नेमून द्यावयाची असते. १९७६ च्या दुरुस्तीनें तशी तरतूद झाली आहे. ती मुदत हुकुमांत लिहून घेण्याविषयीं आपल्या वकिलांस आठवण द्यावी.

आमच्या दाव्यांत दुसऱ्या अहवालानंतर सहा महिने दोन्ही घरें गप्प होतीं. मग आबांच्या धाकट्या मुलाच्या लग्नाची पत्रिका आली. बारा महिन्यांत प्रथमच त्या घरचा माणूस आमच्या ओट्यावर बसला. २०१७ मध्यें २३ व्या आदेशाखालीं तडजोडीचा अर्ज दोघांच्या सहीनें न्यायालयांत दाखल झाला, आणि त्याप्रमाणें हुकूमनामा झाला. आबांनीं भिंतीचें पूर्वेकडील टोक पाडून आंत घेतलें. आम्हीं गोठ्याचा ओटा फोडला. दगड नव्यानें बसवितांना भूकरमापकानें दिलेल्या बिंदूंवर खड्डे घेतले, तेव्हां आबांनीं घरून पाटीभर कोळसे व फुटकीं कौलें आणविलीं आणि प्रत्येक दगडाखालीं ओतलीं. कोणत्या दगडापासून कोणता किती फुटांवर, याचा एक कागद दोन प्रतींत लिहून एक त्यांच्या पेटींत व एक आमच्या पेटींत ठेवला आहे.